जुळ्यांमध्ये पाणी नेमकं कुणाचं वाढलं? कोडमधल्या सातव्या जागेची गोष्ट

ऐकणाऱ्यांसाठी हा भाग नेहमीच्या जागी आहेच. हा त्याचा लेखी मजकूर, म्हणजे लोकलमध्ये नेट गेलं तरी वाचता येईल आणि कोड वहीत उतरवून घेता येतील. बोलताना घेतलेले 'म्हणजे' आणि 'बघा' मी निम्मे काढलेत, निम्मे राहू दिलेत.

एक सूचना आधीच. कोडमधली इंग्रजी अक्षरं इथे देवनागरीत लिहिली आहेत. 'ओ४०' मधला ओ म्हणजे इंग्रजी अक्षर ओ, शून्य नव्हे. हसू नका, क्लासमध्ये पहिल्या आठवड्यात दर बॅचला कुणीतरी ओच्या जागी शून्य टाइप करतं आणि मग 'सॉफ्टवेअर कोड घेत नाही' म्हणून हात वर करतं.

तर आजचा प्रश्न. पोटात जुळं आहे, गर्भजल वाढलंय. आपल्याकडे बायका म्हणतात तसं, 'पाणी जास्त झालंय'. अमेरिकेतल्या हॉस्पिटलचा हा चार्ट तुमच्या स्क्रीनवर आला, तर कोड कुठला लावायचा? उत्तर एका ओळीचं वाटतं: ओ४० शोधा, महिने बघा, संपलं. मी आधी लेबर रूममध्ये नर्स होते आणि आता पुण्यात बसून अमेरिकेतल्या प्रसूती विभागांचे चार्ट कोड करते, नव्या मुलामुलींना शिकवतेही. या कोडचा शेवटचा एक अंक ऑडिटमध्ये जेवढा वेळ खातो, तेवढा वेळ बाकीचा सगळा कोड खात नाही.

ज्यांना कोडिंग म्हणजे काय हेच माहीत नाही त्यांच्यासाठी पटकन. डॉक्टर जे लिहितात त्याचं ठरलेल्या कोडमध्ये रूपांतर करणं हे आमचं काम. विमा कंपनी त्या कोडकडे बघून पैसे देते किंवा नाकारते, आणि आजारांची आकडेवारीही त्याच कोडमधून निघते. अमेरिकेत निदानासाठी आयसीडी-१०-सीएम ही यादी वापरतात, १ ऑक्टोबर २०१५ पासून. त्याआधी आयसीडी-९-सीएम होती. तिच्यात गर्भजल वाढलं की ६५७ हा कोड लागायचा. त्याचा पाचवा अंक बाई या वेळी बाळंत झाली की अजून गरोदर आहे एवढंच सांगायचा. जुळ्यांतल्या कुठल्या बाळाच्या पिशवीत पाणी वाढलं, हे सांगायला जागाच नव्हती. आज ज्या सातव्या जागेबद्दल बोलायचंय ती २०१५ मध्ये वापरात आली. म्हणजे ही जागा मुद्दाम तयार केलेली आहे. ती शून्याने भरून टाकायची पद्धत पडली, तर तिचा उपयोग काय, हा माझा आजचा मुद्दा.

आधी थोडं शरीरशास्त्र, कारण त्याशिवाय कोड पाठ होईल पण कळणार नाही.

गर्भजल हे साठवलेलं पाणी नाही, ते सतत फिरत असतं. गरोदरपणाच्या उत्तरार्धात त्याचा मोठा भाग म्हणजे बाळाची लघवी. बाळ तेच पाणी गिळतं, ते रक्तात जातं, काही वारेतून आईकडे जातं, पुन्हा लघवी होते. गिळणं अडलं तर पाणी साचतं, उदाहरणार्थ अन्ननलिका किंवा आतड्याचा वरचा भाग जन्मतःच बंद असेल तर. लघवी फार होत असेल तरी साचतं. आईला मधुमेह असेल तेव्हाही पाणी वाढलेलं दिसतं. आणि कितीतरी वेळा काहीच कारण सापडत नाही.

एकच बाळ असेल तर सोनोग्राफीत गर्भाशयाचे चार भाग करून प्रत्येकातल्या पाण्याची खोली मोजतात आणि बेरीज करतात. हा एएफआय. तो २४ सेंटिमीटर किंवा जास्त आला की पाणी वाढलं असं धरतात. दुसरी पद्धत म्हणजे पाण्याचा सगळ्यात खोल कप्पा मोजायचा. तो ८ सेंटिमीटर किंवा जास्त असला की वाढलेलं. जुळ्यांमध्ये ही दुसरी पद्धत जास्त उपयोगाची. कारण उघड आहे: पिशव्या दोन असतील तर पोटाच्या चार कोपऱ्यांची बेरीज करून कुठल्या पिशवीचं पाणी मोजलं? म्हणून प्रत्येक पिशवीचा सगळ्यात खोल कप्पा वेगळा मोजतात. रिपोर्टमध्ये तुम्हाला 'ए: ९.२, बी: ४.१' असं दिसतं ते हेच.

आता पिशव्या आणि वार. क्लासमध्ये मी हे घरांच्या भाषेत सांगते. पहिला प्रकार: दोन्ही बाळांना स्वतंत्र वार, स्वतंत्र पिशवी. म्हणजे शेजारी शेजारी दोन वेगळे ब्लॉक, प्रत्येकाचं स्वयंपाकघर वेगळं. हे डायकोरियॉनिक-डायॲम्निऑटिक. दुसरा प्रकार: वार एकच, पिशव्या दोन. स्वयंपाकघर सामाईक, खोल्या वेगळ्या. हे मोनोकोरियॉनिक-डायॲम्निऑटिक. तिसरा, क्वचित दिसणारा: वारही एक, पिशवीही एक. सिंगल रूम, दोघंही त्यातच. हे मोनोकोरियॉनिक-मोनोॲम्निऑटिक. या तिघांना ओ३० या गटात वेगवेगळे कोड आहेत: ओ३०.०४, ओ३०.०३ आणि ओ३०.०१, आणि प्रत्येकाच्या शेवटी तिमाहीचा अंक. तिळं असेल तर ओ३०.१, चार बाळं असतील तर ओ३०.२. घरांची ही उपमा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता मुख्य कोड. ओ४० म्हणजे पॉलिहायड्रॅम्निऑस, गर्भजल जास्त. दशांशचिन्हानंतर तिमाही: १, २ किंवा ३. तिमाहीचा हिशेब आयसीडी-१०-सीएममध्ये असा: १४ आठवडे पूर्ण होण्याआधी पहिली, १४ पूर्ण ते २८ पूर्ण होण्याआधी दुसरी, २८ पूर्ण झाल्यापासून बाळंतपणापर्यंत तिसरी. त्यानंतर दोन एक्स. त्यांना अर्थ नाही, फक्त पाचवी आणि सहावी जागा अडवून ठेवायला आहेत, कारण सातवं अक्षर सातव्याच जागी यायला हवं. एस.टी.त रुमाल टाकून जागा धरतात ना, तसं. रुमाल विसरलात तर कोड अवैध.

आणि सातवी जागा. १ म्हणजे बाळ क्रमांक एक, २ म्हणजे दोन, असं ५ पर्यंत. ९ म्हणजे त्याहून पुढचं बाळ. आणि ० म्हणजे... इथे थांबूया.

क्लासमध्ये विचारलं की दहापैकी आठ जण म्हणतात, ० म्हणजे एकच बाळ. अर्धं बरोबर. नियमावलीत शून्याला तीन प्रसंग दिलेत. एक, पोटात एकच बाळ आहे. दोन, जुळं-तिळं आहे, पण कुठल्या बाळाला त्रास आहे हे रेकॉर्डवरून कळत नाही आणि डॉक्टरांकडून खुलासा मिळवणंही शक्य नाही. तीन, वैद्यकीयदृष्ट्याच सांगता येत नाही की कुठलं बाळ.

दुसरा प्रसंग नीट वाचा. 'कळत नाही' एवढ्यावर तो संपत नाही. 'आणि खुलासा मिळवणं शक्य नाही' असं पुढे आहे. म्हणजे आधी विचारायचं. आणि तिथेच सगळं घसरतं. कारण ओ४०.३एक्सएक्स० हा कोड वैध आहे. सॉफ्टवेअर त्याला लाल रंग दाखवत नाही. तासाला ठरलेले चार्ट संपवायचेत, टीम लीड मागे उभी आहे, आणि समोर एक असा कोड आहे जो टाकला की कुणी काही बोलत नाही. मोह होतो. पण कोड वैध असणं आणि खरा असणं यात फरक आहे. चार्टमध्ये पान उलटून बघितलं तर 'ए: ९.२' लिहिलेलं असतं आणि डॉक्टरांनी खाली 'पॉलि इन ए' असंही लिहिलेलं असतं. तिथे शून्य टाकणं म्हणजे डॉक्टरांनी सांगितलेली गोष्ट पुसून टाकणं.

याची उलट बाजूही आहे, आणि ती जास्त धोक्याची. चार्टमध्ये फक्त 'ए: ९.२, बी: ४.१' असे आकडे आहेत, पॉलिहायड्रॅम्निऑस हा शब्द डॉक्टरांनी कुठेच लिहिलेला नाही. तुम्हाला नियम माहीत आहे, ८ च्या वर म्हणजे जास्त. लावायचा कोड? नाही. आकड्यावरून निदान करणं हे आपलं काम नाही. निदान डॉक्टर करतात, आपण ते नोंदवतो. बाह्यरुग्ण तपासणीत तज्ज्ञ डॉक्टरांनी सोनोग्राफी वाचून अंतिम रिपोर्टमध्ये पक्कं निदान लिहिलं असेल तर ते घेता येतं. पण तिथेही शब्द हवा, नुसता आकडा नाही. माझ्याकडे येणाऱ्यांत होमिओपॅथी, आयुर्वेद, फिजिओथेरपी शिकलेली मुलं बरीच असतात. त्यांना हे फार जड जातं, आणि मला त्यांचं दुःख कळतं. नर्स म्हणून मलाही स्क्रीनवर उघड दिसत असतं. तरी हात मागे घ्यायचा.

मग विचारायचं कसं? याला आमच्याकडे क्वेरी म्हणतात. डॉक्टरांना लेखी प्रश्न, आणि प्रश्नात उत्तर पेरलेलं चालत नाही. 'बाळ ए ला पॉलिहायड्रॅम्निऑस आहे ना?' असं नाही विचारायचं. असं विचारायचं: '३२ आठवड्यांच्या भेटीत पॉलिहायड्रॅम्निऑस असं निदान नोंदवलं आहे. जुळी गर्भधारणा आहे. हे निदान कुठल्या गर्भाबाबत आहे ते कृपया स्पष्ट करावं: गर्भ ए, गर्भ बी, दोन्ही, ठरवता येत नाही, किंवा अन्य.' यात पैशाचा उल्लेख नाही, 'असं लिहिलंत तर बिल पास होईल' असली सूचना नाही. उत्तर आलं 'दोन्ही', तर ओ४० दोनदा लागतो: ओ४०.३एक्सएक्स१ आणि ओ४०.३एक्सएक्स२. नवी मंडळी इथे बिचकतात, एकच कोड दोनदा कसा? पण तो एकच कोड नाहीये. सातवं अक्षर वेगळं म्हणजे कोड वेगळा.

आणि सातव्या जागी १ ते ९ पैकी काही आलं की सोबत ओ३० मधला कोड लागतोच. नियमच आहे, आणि साधा विचार केला तरी पटेल: एकच बाळ असेल तर 'बाळ क्रमांक दोन' आलं कुठून?

सिंगल रूमवाली जुळी आठवतात? पिशवी एक, पाणी एक. तिथे पाणी वाढलं तर ते कुणाचं म्हणणार? पाण्याला मधे भिंतच नाही. डॉक्टरांनाही ठरवता येत नसेल, तर हा शून्याचा तिसरा प्रसंग. दुसऱ्या तिमाहीत असेल तर ओ४०.२एक्सएक्स० आणि सोबत ओ३०.०१२. बघा, इथे शून्य अगदी खरं आहे. मी शून्याच्या विरोधात नाही हो. न बघता टाकलेल्या शून्याच्या विरोधात आहे.

आता सामाईक स्वयंपाकघर. हा भाग रेकॉर्ड करताना मी सगळ्यात जास्त वेळ घेतला, लेखातही घेणार आहे.

वार एकच असली की दोन्ही बाळांच्या रक्तवाहिन्या वारेत एकमेकींना जोडलेल्या असतात. बहुतेक वेळा देवाणघेवाण सारखी होते, काही बिघडत नाही. पण अशा साधारण १० ते १५ टक्के गर्भधारणांमध्ये तोल जातो. एका बाळाकडून रक्त दुसऱ्याकडे एकतर्फी जायला लागतं. देणाऱ्या बाळाचं रक्त कमी होतं, लघवी कमी होते, त्याच्या पिशवीतलं पाणी आटतं. कधी कधी इतकं की पिशवीचा पडदा बाळाला चिकटल्यासारखा दिसतो. घेणाऱ्याकडे रक्त जास्त, लघवी जास्त, पिशवी फुगते, हृदयावर ताण येतो. याला ट्विन-टू-ट्विन ट्रान्सफ्यूजन सिंड्रोम म्हणतात. वेळेवर उपचार झाले नाहीत तर तीव्र प्रकारात दोन्ही बाळं जाऊ शकतात.

ऐकताना वाटतं, ज्याला भरपूर मिळतंय ते सुखी. तसं नाही. लेबर रूममध्ये असताना मला हे एका सीनियर सिस्टरांनी समजावलं होतं: ज्याच्या पानात जास्त वाढलं जातंय त्याचंही पोट फुटतं. दोघंही आजारी, पण आजार वेगवेगळा. म्हणूनच कुठलं बाळ कुठलं हे इथे इतकं महत्त्वाचं.

या आजाराच्या पायऱ्या १९९९ मध्ये डॉ. रुबेन क्विंटेरो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मांडल्या, त्या आजही वापरतात. पहिल्या पायरीत एका पिशवीत पाणी जास्त, दुसरीत कमी: एकीकडे खोल कप्पा ८ सेंटिमीटरच्या वर, दुसरीकडे २ च्या खाली. पुढे देणाऱ्या बाळाचं मूत्राशय दिसेनासं होतं, मग रक्तप्रवाह बिघडतो, मग बाळाच्या अंगात पाणी साचतं, आणि पाचवी पायरी म्हणजे एक किंवा दोन्ही बाळं गेलेली. उपचारात पूर्वी फुगलेल्या पिशवीतलं पाणी सुईने पुन्हा पुन्हा काढायचे. २००४ मध्ये युरोपातल्या एका मोठ्या चाचणीचे निष्कर्ष आले, की दुर्बिणीतून लेझरने वारेतल्या त्या जोडवाहिन्या बंद केल्या तर बाळं जास्त वाचतात. आता तीव्र आजारात लेझर हाच मुख्य मार्ग आहे.

कोडकडे या. या सिंड्रोमचा कोड ओ४३.०२, शेवटी तिमाही. दुसऱ्या तिमाहीत ओ४३.०२२. मोजा बरं अक्षरं. सहा. सातवी जागा नाहीच! म्हणजे हा कोड सांगतो की दोघांमध्ये तोल गेलाय, पण देणारं कोण आणि घेणारं कोण हे सांगत नाही. ते कळतं फक्त गर्भजलाच्या कोडवरून: ज्याचं वाढलं ते घेणारं, ज्याचं आटलं ते देणारं.

शिकवण्यासाठी रचलेलं उदाहरण घ्या. खऱ्या रुग्णाची नोंद ऑफिसच्या दाराबाहेर नेता येत नाही, आणि न्यायचीही नसते. बाई २१ आठवडे ३ दिवसांची गरोदर. वार एक, पिशव्या दोन. बाळ ए चा खोल कप्पा ११ सेंटिमीटर, बाळ बी चा १.५. डॉक्टर लिहितात: ट्विन-टू-ट्विन ट्रान्सफ्यूजन सिंड्रोम, ए मध्ये पॉलिहायड्रॅम्निऑस, बी मध्ये ऑलिगोहायड्रॅम्निऑस. कोड होतात ओ४३.०२२, ओ३०.०३२, ओ४०.२एक्सएक्स१, ओ४१.०२एक्स२ आणि आठवड्यांसाठी झेड३ए.२१. वरचे तीन दिवस सोडून द्यायचे, पूर्ण झालेले आठवडे धरायचे. ऑलिगोच्या कोडमध्ये एक्स एकच आहे, हेही बघून ठेवा. तिथे सहावीच जागा रिकामी असते.

आता यातले दोन अंक अदलाबदल करा. ओ४०.२एक्सएक्स२ आणि ओ४१.०२एक्स१. कोड वैध, बिल कदाचित पासही होईल. पण कागदावर देणारं बाळ घेणारं झालं. उद्या ही बाई दुसऱ्या राज्यातल्या मोठ्या हॉस्पिटलला पाठवली जाईल. तिथले डॉक्टर उपचार कोड वाचून करत नाहीत, ते स्वतः सोनोग्राफी करतात, तेव्हा घाबरवायचं म्हणून मी काही सांगत नाहीये. पण विमा कंपनी लेझरची मंजुरी देताना मागच्या भेटींचे कोड आणि आजचा रिपोर्ट शेजारी ठेवते. न जुळणारे कागद म्हणजे फोन, फॅक्स, पुन्हा कागद. आणि या आजारात वाट बघायला दिवस मोजकेच असतात. शिवाय उद्या कुणी अभ्यासक हजारो नोंदी काढून 'घेणाऱ्या बाळांचं पुढे काय झालं' असं शोधायला बसला, तर त्याच्याकडे आपले हे अंकच असतात.

एका श्रोत्याने विचारलं होतं, सिंड्रोमचा कोड लावला की पाण्याचे कोड पुन्हा लावायचे का, ती तर त्याचीच लक्षणं. चांगला प्रश्न. आजाराचा नेहमीचाच भाग असलेलं लक्षण वेगळं कोड करायचं नाही, असा सर्वसाधारण नियम आहे, त्यामुळे यावर कोडर मंडळींत दोन मतं असतात. माझं मत असं, की पॉलिहायड्रॅम्निऑस हे नुसतं लक्षण नाही, डॉक्टरांनी लिहिलेलं स्वतंत्र निदान आहे, आणि कुठलं बाळ ही माहिती त्याच कोडमध्ये राहते. पण माझं मत क्लायंटच्या लेखी सूचनांवर चढत नाही. त्या सूचना मागून घ्या आणि त्यांना धरून चाला.

नावांचा घोळही सांगायला हवा. डॉक्टर लिहितात ए आणि बी, कोड मागतो १ आणि २. रोजच्या कामात ए ला १ आणि बी ला २ धरतात, आणि तेच सगळ्या भेटींमध्ये चालू ठेवायचं असतं. सहसा गर्भाशयाच्या तोंडाजवळचं बाळ ए. पण बाळं हलतात, आणि सिझेरियनमध्ये तर वरचं बाळ आधी बाहेर येऊ शकतं. म्हणजे सोनोग्राफीतलं ए हे जन्माच्या वेळचं ए असेलच असं नाही. चांगले रिपोर्ट म्हणून जास्तीचं लिहितात: 'ए, डावीकडे, वार पुढे, मुलगी'. अमेरिकेत लिंग लिहितात, आपल्याकडे तो गुन्हा आहे, हे वाचताना लक्षात असू द्या. दहा आठवडे ए च्या पिशवीत पाणी जास्त आणि बाळंतपणाच्या नोंदीत अचानक बी च्या, असं दिसलं तर आधी संशय घ्या की नावं बदललीत का. मग क्वेरी.

तिमाहीचा एक बारकावा झटपट. बाई २७ व्या आठवड्यात ॲडमिट झाली, तिथेच असताना पाणी वाढलं, आणि घरी गेली २९ व्या आठवड्यात. तिमाही कुठली? त्रास सुरू झाला तेव्हाची, म्हणजे दुसरी. डिस्चार्जची नाही. पण त्रास आधीपासूनच असेल तर ॲडमिट झाली त्या दिवशीची. तिमाही 'अनिर्दिष्ट' असा ओ४०.९ आहे, पण चार्टमध्ये तारखा असताना तो वापरला तर ऑडिटर तुम्हाला चहा पाजणार नाही.

आणि नुसता संशय? 'पॉलि वाटतंय, तपासायला पाठवतो' असं लिहिलं, तपासणीत पाणी बरोबर निघालं. तिथे ओ४० अजिबात नाही. त्यासाठी झेड०३.७१ आहे: गर्भजल किंवा पिशवीबद्दलचा संशय, तपासणीनंतर दूर झालेला. बाईच्या रेकॉर्डवर जे नाही ते चिकटवू नका.

बिलिंगकडे जाणाऱ्यांसाठी दोन ओळी. निदानाचे कोड वेगळे, केलेल्या कामाचे सीपीटी कोड वेगळे. पिशवीतलं जास्तीचं पाणी सुईने काढलं तर ५९००१. त्यात सोनोग्राफीचं मार्गदर्शन धरलेलंच आहे, ते वेगळं लावू नका. वाढ आणि पाणी बघायला पुन्हा केलेली सोनोग्राफी ७६८१६ प्रत्येक बाळामागे लागते, दुसऱ्या बाळासाठी ५९ हे मॉडिफायर जोडून. आता ओळी बाळांप्रमाणे दोन आहेत आणि निदान मात्र शून्यावर, तर विमा कंपनी विचारणारच, दुसऱ्यांदा कशासाठी केलीत?

भारतातलं काय, असंही विचारणं होतं. आपल्याकडे आजारांच्या नोंदीसाठी जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० वापरतात. तिच्यात ओ४० तीनच अक्षरांचा आहे. तिमाही नाही, बाळ नाही. ओ४३.० मध्ये सिंड्रोम येतो, तोही थोडक्यात. सीएम ही अमेरिकेने स्वतःसाठी वाढवलेली आवृत्ती. त्यामुळे इथल्या हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात इंटर्नशिप केलेली मुलं मुलाखतीत 'ओ४०' म्हणून थांबतात, आणि समोरचा पुढची चार अक्षरं ऐकायला थांबलेला असतो. मुलाखतीला जाणार असाल तर हे घोकून नका जाऊ, वरचं २१ आठवड्यांचं उदाहरण कागदावर स्वतः सोडवून जा. मग ते ३० आठवड्यांचं करून बघा, मग तिळ्यांचं.

शेवटचं. ओ ने सुरू होणारे हे सगळे कोड आईच्या रेकॉर्डवर. बाळ जन्मलं की त्याचं स्वतःचं रेकॉर्ड उघडतं, आणि तिथे ओ चा एकही कोड चालत नाही. गर्भजल वाढल्याचा परिणाम बाळावर झालाय असं डॉक्टरांनी लिहिलं असेल तर बाळाच्या चार्टवर पी०१.३ येतो. तो ज्या बाळाला झाला त्याच्याच चार्टवर, भावंडाच्या नाही. दोन चार्ट, दोन पट्ट्या, दोन नंबर. इथे 'कुठलं बाळ' हा प्रश्न सातव्या जागेचा राहत नाही, चार्टच्या नावाचा होतो. आईच्या चार्टवरचा १ आणि बाळाच्या मनगटावरची पट्टी जुळतात का, हे बघायचं काम तेव्हाही कुणालातरी करावंच लागतं.

नवजात बाळांच्या कोडवर वेगळा भाग करतेय. तोपर्यंत वरच्या उदाहरणाची तिळ्यांची आवृत्ती सोडवून ठेवा. एक धागा देते: सातव्या जागी ३ येतो, आणि ओ३० मधला कोड बदलतो.